शांतता राखा: शहरावर मूकपट करू पाहणाऱ्यांसाठी

मूकपट करायचा म्हणून बोलक्या माणसांना गप्प बसवू नका. माणसं जिथे आधीच गप्प असतात, तिथे कॅमेरा घेऊन जा. शहरात अशा जागा रगड आहेत. लिफ्टमध्ये चौघे जण वरच्या आकड्यांकडे बघत उभे असतात. लोकलमध्ये उभा असलेला माणूस बसलेल्याकडे बघून नुसत्या भुवया उंचावतो, बसलेला दोन बोटं दाखवतो, आणि दोन स्टेशनांनंतरची जागा कोणाची हे ठरून जातं. गावात पारापुढून जाणाऱ्याला ‘कुठं निघालास?’ असं विचारल्याशिवाय कोणी पुढे सोडत नाही. शहरात शेजारच्या बिऱ्हाडाचं आडनाव दारावरच्या पाटीवरून कळतं, आणि ते बिऱ्हाड गेलं हेही पाटी बदलली की कळतं.

हे आधी सांगायचं कारण, नवख्यांचे मूकपट बहुतेक वेळा पहिल्याच मिनिटात फसतात. दोन पात्रं समोरासमोर बसतात, ओठ हलतात, आवाज बंद असतो आणि वर उदास पियानो. याला मूकपट म्हणत नाहीत, हा तोंड दाबलेला बोलपट झाला. ही दोघं बोलत आहेत आणि आपल्यालाच ऐकू दिलं जात नाही, असं बघणाऱ्याला वाटतं आणि तो चिडतो. त्याचं बरोबरच आहे.

गोष्ट निवडताना एक सोपी परीक्षा घ्या. ती मित्राला तोंडी सांगा आणि ‘मग तो तिला सांगतो की’ किंवा ‘तेव्हा तिला कळतं की’ असं जिथे जिथे म्हणाल, तिथे कागदावर फुली मारा. एखादी फुली चालेल, ती कशी सोडवायची ते पुढे बघू. तीन-चार झाल्या तर ती गोष्ट चांगली असेल, पण मूकपटाची नाही. तिची एकांकिका करा.

चांगल्या मूकपटांत गप्प राहण्याचं कारण गोष्टीच्या पोटातच असतं. एफ. डब्ल्यू. मुर्नाऊचा ‘द लास्ट लाफ’ (1924) बघा. बर्लिनमधल्या एका बड्या हॉटेलचा म्हातारा दरवान, झगमगीत बटणांचा कोट घालून ऐटीत उभा राहणारा. व्यवस्थापक त्याला दारावरून काढून तळघरातल्या प्रसाधनगृहात नेमतो आणि कोट काढून घेतला जातो. चाळीसारख्या वस्तीत त्याला मान होता तो त्या कोटामुळे. आता घरी काय तोंडाने जायचं? हे दुःख तो कोणाला सांगूच शकत नाही, कारण सांगितलं की सगळं संपलं. लपवणारा माणूस गप्प असतो. तो काय लपवतोय हे प्रेक्षकाला ठाऊक असलं की संवादाची गरजच उरत नाही. सबंध चित्रपटात गोष्ट पुढे नेणारी लिखित पाटी येते ती एकच, तीही शेवटाजवळ.

आपल्याकडचं उदाहरण हवं असेल तर आदित्य विक्रम सेनगुप्ता यांचा ‘आशा जावार माझे’ (2014) मिळवून पाहा. कोलकात्यातलं एक जोडपं. ती दिवसा कारखान्यात, तो रात्री छापखान्यात. एक घरी येतो तेव्हा दुसरा कामावर गेलेला. बोलायला समोर माणूसच नाही, मग संवाद येणार कुठून? तरी त्यांचा संसार आपल्याला पुरेपूर कळतो, एकाने करून ठेवलेल्या आणि दुसऱ्याने उचललेल्या कामांतून. शहराने लादलेलं वेळापत्रक हेच इथे मौनाचं कारण आहे. सत्यजित राय यांचा ‘टू’ (1964) जेमतेम बारा मिनिटांचा आहे. माडीच्या खिडकीत श्रीमंत घरातला मुलगा, खाली मोकळ्या जागेत झोपडीतला मुलगा. दोघांमध्ये एवढं अंतर की बोलणं शक्य नाही, खेळणी दाखवून एकमेकांना खिजवणं तेवढं शक्य. हे तीन चित्रपट नीट पाहिलेत तर अर्धा अभ्यास झाला.

आता एक गोष्ट प्रत्यक्ष बांधू. जागा पुण्यातली घेऊ, कारण शांतता सक्तीची असलेली अशी जागा दुसरीकडे क्वचितच सापडेल. सदाशिव, नारायण, नवी पेठेतल्या अभ्यासिका. स्पर्धा परीक्षांची तयारी करणारी राज्यभरातली मुलं तिथे महिन्याचे पैसे भरून एक खुर्ची आणि फळीएवढं टेबल घेतात. भिंतीवर ‘शांतता राखा’ आणि ‘मोबाइल सायलेंट ठेवा’. दोन जागांमध्ये प्लायची आडभिंत, तिच्यावर चिकटवलेलं वेळापत्रक, एखादा नकाशा, देवाचा किंवा आईवडिलांचा फोटो. महिनोन्महिने शेजारी बसलेल्या दोघांचं आयुष्यभरात एक वाक्यही बोलणं झालेलं नसतं. मूकपटवाल्याला आणखी काय हवं?

आपली गोष्ट अशी. एक मुलगी रोज सकाळी अभ्यासिकेत येते. शेजारच्या खुर्चीवरचा मुलगा नेहमी तिच्या आधी आलेला. त्याचा दिवा लागलेला असतो. एक दिवस निकाल लागतो. दुसऱ्या दिवशी शेजारची खुर्ची रिकामी, दिवा बंद. तो पास झाला की सोडून गेला?

ही आपली एकुलती फुली, ‘तेव्हा तिला कळतं की’. बोलपटात कोणीतरी येऊन सांगेल. इथे दुसरा मार्ग शोधायचा. पास झाला असता तर पेढे घेऊन आला असता. ते दाखवणं सोपं, म्हणून टाळू. सोडून गेला असेल तर जाताना तो काय करील? पुस्तकं विकील. कुठे? अप्पा बळवंत चौकात, जुन्या पुस्तकांच्या ढिगात. मुलगी तिथे एक संदर्भपुस्तक घ्यायला जाते, चाळते आणि थबकते. पानांवर हिरव्या शाईच्या रेघा आहेत.

त्या रेघा प्रेक्षकाला ओळखू आल्या तरच हा प्रसंग चालेल. म्हणजे त्या आधी पेरायला हव्यात, आणि पेरतोय हे न कळता पेरायला हव्यात. पहिल्या मिनिटातच मुलाच्या हातात हिरवं पेन दाखवा, पण दाखवायचं कारण वेगळं ठेवा. उदाहरणार्थ, पेन घरंगळत मुलीच्या बाजूला जातं, ती ते न बघता परत सरकवते, तिच्या बोटाला शाईचा डाग लागतो. प्रेक्षक डागाकडे बघतो, दोघांच्या नात्याकडे बघतो, शाईचा रंग त्याच्या डोक्यात नकळत जाऊन बसतो. दुसऱ्यांदा, मधल्या भागात, मुलगा पुस्तकावर रेघ मारताना. तिसऱ्यांदा चौकातल्या ढिगात. मूकपटात वस्तू किमान तीनदा यावी असं माझं मत आहे: पहिल्यांदा ओळख, दुसऱ्यांदा सवय, तिसऱ्यांदा घाव. दोनदाच आली तर योगायोग वाटतो, पाचदा आली की दिग्दर्शक कोपर मारतोय असं वाटतं.

हिरवाच रंग का? अधिकाऱ्याची सही हिरव्या शाईत असते, हे स्पर्धा परीक्षेच्या मुलांच्या डोक्यात पक्कं बसलेलं असतं. ज्याला हे ठाऊक आहे, त्याला त्या पेनातच मुलाचं सगळं स्वप्न दिसेल. ज्याला ठाऊक नाही, त्याला रंग ओळखता आला तरी गोष्ट कळेल. वस्तू निवडताना हा दुहेरी हिशेब ठेवा. खूण कळली नाही तर गोष्टच कळत नाही, अशी वेळ येता कामा नये.

दुसरं, शहर फुकटात पाट्या पुरवतं. जुन्या मूकपटांत संवाद आणि निवेदन मधल्या पाट्यांवर येत असे. ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये (1913) फाळक्यांनी त्या हिंदी आणि इंग्रजीत दिल्या होत्या. आज तुम्हाला वेगळ्या पाटीची गरज कमीच पडते, कारण रस्त्यावर अक्षरं ओसंडून वाहतात. स्टेशनवरचा इंडिकेटर, एसटीच्या कपाळावरचं गावाचं नाव, ‘लिफ्ट बंद आहे’, ‘कॉट बेसिसवर जागा मिळेल, फक्त मुलांसाठी’, सोसायटीच्या फळ्यावर थकबाकीदारांची नावं. आपल्या गोष्टीत मुलगा गेला त्याच दिवशी अभ्यासिकेच्या दारावर ‘एक जागा शिल्लक’ असा कागद लागतो. एवढ्या तीन शब्दांत ‘तो आता येणार नाही’ हे आलं.

मात्र मोबाइलच्या पडद्यावरचे मेसेज दाखवण्याचा मोह आवरा. पात्रं एकमेकांना टाइप करत आहेत आणि आपण वाचतोय, ही पळवाट आहे. पाहिजे तर सबंध चित्रपटात एकदा वापरा, आणि तेही मजकुरापेक्षा मजकुराची अनुपस्थिती दाखवायला: नुसती निळी टिक, उत्तर नाही.

स्वतःची पाटी घालायचीच झाली तर ती छोटी ठेवा, सात-आठ शब्दांपलीकडे नको. ती संथपणे मोठ्याने दोनदा वाचून होईल एवढा वेळ पडद्यावर राहू द्या. चित्रात जे दिसतंय तेच पाटीत लिहू नका. वेळ, जागा, एखादं नाव, एवढंच तिचं काम. ऱ्हस्व-दीर्घ जाणत्या माणसाकडून तपासून घ्या. पडद्यावर वीतभर अक्षरात ‘दुपार’चा उकार चुकला की अर्धं प्रेक्षागृह तिथेच अडकून बसतं.

मूकपटाचं खरं कसब आवाज दाखवण्यात आहे. चॅप्लिनचा ‘सिटी लाइट्स’ (1931) आला तेव्हा बोलपट सुरू होऊन गेले होते, तरी त्याने हट्टाने संवाद टाळले. त्यातली फुलं विकणारी आंधळी मुलगी भणंग नायकाला श्रीमंत समजते, हे संवादाशिवाय कसं दाखवायचं, यावर त्याने शेकडो रिटेक घालवले. अखेर उत्तर सापडलं ते गाडीच्या दारात. रहदारीतून वाट काढायला नायक उभ्या मोटारीच्या एका दारातून शिरतो आणि दुसऱ्या दारातून मुलीसमोर उतरतो. दार आपटल्याकडे तिचे कान लागतात आणि गैरसमज पक्का होतो. ज्या चित्रपटात आपल्याला ते दार ऐकूच येत नाही, त्याची सगळी इमारत त्या दाराच्या आवाजावर उभी आहे.

किंग व्हिडॉरच्या ‘द क्राउड’मध्ये (1928) न्यूयॉर्कमधल्या एका सामान्य कारकुनाची मुलगी ट्रकखाली सापडून घरात शेवटचे श्वास मोजतेय आणि बाहेर शहराचा गोंगाट चाललाय. बाप रस्त्यावर जाऊन गर्दीला हात करून ‘हळू, हळू’ म्हणून विनवतो. लोंढा थांबत नाही. पडद्यावर काहीच ऐकू येत नसताना तो गोंगाट असह्य होतो. आणि आपल्या बाबूराव पेंटरांचा ‘सावकारी पाश’ (1925): सावकाराने नाडलेला शेतकरी जमीन गमावून शहरात गिरणीकामगार होतो, त्याची गोष्ट. तो मूकपट आज हाती नाही, पण अंधुक उजेडातली झोपडी आणि बाहेर विव्हळणारं कुत्रं हे त्यातलं दृश्य चित्रपटनिर्माते जे. बी. एच. वाडियांच्या कायमचं लक्षात राहिलं होतं. विव्हळणं ऐकू न येता लक्षात राहिलं, हे महत्त्वाचं.

अभ्यासिकेत हेच वापरा. कोणाच्या तरी खुर्चीचा पाय फरशीवर करकरतो: तो पाय दाखवायचाच नाही, एकामागून एक वर उठणारी वैतागलेली डोकी दाखवा. निकालाच्या दिवशी कोपऱ्यात कोणाचा तरी फोन थरथरतो, टेबलावरचं पाणी हलतं, बाटलीत वलयं उठतात. मग दुसऱ्या टेबलावरची बाटली. मग तिसऱ्या. निकाल लागला हे प्रेक्षकाला कळलं.

अभिनयाबद्दल एक गैरसमज घट्ट आहे. मूकपट म्हणजे डोळे विस्फारणं, कपाळावर हात मारणं. बस्टर कीटनचा चेहरा जवळजवळ हलत नसे, आणि ‘द कॅमेरामन’मध्ये (1928) न्यूयॉर्कच्या गर्दीत धडपडणारा तो वार्ताचित्रवाला बघताना त्याच्या मनातलं सगळं कळतं. नटाला भावना सांगू नका, काम सांगा. ‘तू दुःखी आहेस’ असं म्हटलंत की तो चेहरा करील. ‘पुस्तकाचे पैसे मोज, दहा रुपये कमी पडताहेत, आणि त्याच वेळी ते पान बंद होऊ देऊ नकोस’ असं म्हटलंत की त्याचे हात गुंततात आणि चेहरा मोकळा राहतो. मग पुढचा शॉट बाकीचं करतो. रशियन दिग्दर्शक कुलेशोव यांनी एका नटाचा तोच निर्विकार चेहरा कधी सुपाच्या वाडग्याला, कधी शवपेटीला जोडून दाखवला, आणि लोकांना त्यात कधी भूक दिसली, कधी शोक. तेव्हा निर्विकार क्लोज-अप भरपूर घेऊन ठेवा. एडिटला बसल्यावर त्याचं सोनं होतं.

शहराचं चित्रण कसं करायचं, याबद्दल मी जरा कडवट आहे. वॉल्टर रुटमनचा बर्लिनवरचा चित्रपट (1927) पहाटेपासून मध्यरात्रीपर्यंतचा एक दिवस दाखवतो. झिगा व्हर्टोव्हच्या ‘मॅन विथ अ मूव्ही कॅमेरा’मध्ये (1929) एकाही पाटीशिवाय सोव्हिएत शहरं धावतात. दोन्ही थोर. पण त्यांच्या नकला करकरून ‘पहाट, दूधवाला, लोकल, गर्दी, रात्र, रिकामा रस्ता’ ही साखळी इतकी गुळगुळीत झाली आहे की आता तिच्यात कोणाचं शहर हेच कळत नाही. ड्रोनमधून टिपलेल्या उड्डाणपुलांचं तर विचारूच नका. सिग्नलवरचं भीक मागणारं मूल काचेतून टिपून स्वतःला संवेदनशील म्हणवणंही थांबवा. त्या मुलाची गोष्ट तुम्हाला माहीत नसते, तुम्ही फक्त त्याचा चेहरा उचललेला असतो.

शहर दाखवायचं तर एका माणसाला त्यात काय अडतं, ते दाखवा. व्हिडॉरच्या ‘द क्राउड’मधला तो प्रसिद्ध शॉट आठवा: कॅमेरा गगनचुंबी इमारतीवर चढत जातो, एका खिडकीतून आत शिरतो, शेकडो एकसारख्या टेबलांवरून सरकतो आणि एका माणसापाशी थांबतो. थांबला नसता तर ती नुसती इमारत राहिली असती. आपल्या मुलीचं शहर म्हणजे कॉट, मेसचा डबा, अमृततुल्यचा अर्धा चहा, अभ्यासिका आणि चौक. पर्वती नको, शनिवारवाडा नको. तिच्या वाटेवर शनिवारवाडा येत असेल तर पाठमोरा, बसच्या खिडकीत, कापलेला येऊ द्या.

चित्रीकरणासाठी चांगला मोबाइल पुरतो. पण तो स्वतःहून शहाणपणा करतो, तो आधी बंद करा: फोकस आणि एक्स्पोजर दोन्ही लॉक करा, नाहीतर कोणी पांढरा सदरा घालून मागून गेलं की चित्र अंधारतं. आपली वीज 50 हर्ट्झची. अभ्यासिकेतल्या ट्यूबलाइटखाली चित्र लुकलुकू नये म्हणून सेकंदाला 25 फ्रेम आणि शटर 1/50 ठेवा. फोनमधल्या साध्या कॅमेऱ्यात हे जमत नसेल तर ते हाताने ठरवता येईल असं अ‍ॅप घ्या. जुन्या मूकपटांतली माणसं दुडूदुडू धावतात ती कमी वेगाने टिपलेली चित्रं पुढे सेकंदाला 24 फ्रेमच्या वेगाने दाखवली गेली म्हणून. त्या काळच्या प्रेक्षकाला ती तशी दिसत नव्हती. तेव्हा ‘जुना फील’ म्हणून वेग वाढवणं, ओरखडे आणि तपकिरी रंग टाकणं सोडून द्या. विनोदी प्रसंग असेल तर गोष्ट वेगळी.

कॅमेरा पात्राच्या डोळ्यांच्या उंचीवर ठेवा. अभ्यासिकेत म्हणजे बसलेल्या माणसाच्या उंचीवर, आडभिंतीच्या कडेवरून जेमतेम पलीकडचं दिसेल असा. पुस्तकाच्या ढिगापाशी हातांचा शॉट मन लावून घ्या. मूकपटात हात चेहऱ्यापेक्षा जास्त बोलतात आणि नवशिक्या नटाचे हात त्याच्या चेह­ऱ्याइतके खोटं बोलत नाहीत. प्रत्येक शॉट सुरू होण्याआधी आणि संपल्यानंतर पाच सेकंद जास्त चालू ठेवा. संवाद नसताना कट कुठे करायचा हे श्वासावर ठरतं, आणि तो श्वास त्या जादा सेकंदांत असतो.

परवानग्यांना सोपं समजू नका. अभ्यासिका चालकाची लेखी परवानगी घ्या आणि परीक्षेच्या तोंडावर तिकडे फिरकूही नका. शक्यतो एक कोपरा भाड्याने घेऊन आपलीच माणसं बसवा, तिथल्या मुलांचे तास मोडू नका. रेल्वेच्या हद्दीत, मेट्रोत, विमानतळावर मोबाइलनेही चित्रपट करायचा तर रीतसर अर्ज लागतो. रेल्वेसाठी जनसंपर्क विभागाकडे. रस्त्यावर ट्रायपॉड लावला की गर्दी जमते आणि पोलीस विचारायला येतात, तेव्हा कॅमेरा खांबाला किंवा कठड्याला टेकवून काम भागवा. व्हिडॉरनेही न्यूयॉर्कच्या रस्त्यांवर छुपे कॅमेरे लावले होते. पण त्याचा काळ वेगळा. आज कोणाचा चेहरा ठळक आला असेल तर त्याला विचारा. नाही म्हणाला तर पुसून टाका, त्याच्यासमोर.

आता आवाज. मूकपट म्हणजे आवाज अजिबात नको, असं कुठे लिहिलेलं नाही. तीन वाटा आहेत आणि चित्रीकरणाच्या आधी एक पक्की करा: पूर्ण निःशब्द, फक्त संगीत, किंवा संवाद सोडून शहराचे सगळे आवाज. तिसऱ्या वाटेवर कमल हासनचा ‘पुष्पक’ (1987, दिग्दर्शक सिंगीतम श्रीनिवास राव) हा मोठा धडा आहे. गोंगाटाच्या लॉजमध्ये राहणाऱ्या बेकाराला आलिशान हॉटेलच्या शांततेत झोप येत नाही. तो आपल्या जुन्या खोलीतला कलकलाट टेपवर उतरवून आणतो आणि तो लावून झोपतो. गरिबी, सवय, विनोद, सगळं एका कॅसेटमध्ये. आवाज वापरायचे तर असे, गोष्टीत काही करणारे.

अभ्यासिकेसाठी मीही तिसरीच वाट घेईन. प्रत्येक जागेचा नुसता आवाज, कोणी न बोलता, एक-दोन मिनिटं वेगळा रेकॉर्ड करा: पंख्याची घरघर, पानं उलटणं, खालून जाणारी भाजीची हातगाडी. चित्रीकरणाबरोबर आलेला आवाज बहुधा टाकून द्यावा लागतो. मुलगा गेल्यानंतर पंख्याचा आवाज किंचित वाढवा. कोणाच्या लक्षात येणार नाही, पण खुर्ची आधीपेक्षा रिकामी वाटेल. संगीत घ्यायचं असेल तर हक्काचं घ्या: ओळखीतल्या वादकाकडून वाजवून, त्याचं लेखी संमतिपत्र घेऊन. इंटरनेटवरून उचललेली धून महोत्सवात प्रवेशिका भरताना पहिली अडचण होते.

एडिटमध्ये कापण्याचा क्रम उलटा ठेवा. आधी संगीत न लावता सहा ते आठ मिनिटांचा कच्चा आराखडा करा. गोष्ट ठाऊक नसलेल्या दोन माणसांना वेगवेगळं बसवून दाखवा आणि नंतर ‘आवडलं का?’ असं विचारू नका. ‘काय झालं ते सांग’ म्हणा. मध्ये बोलू नका, सुधारू नका. एक म्हणेल, ‘तो मुलगा मेला’. दुसरी म्हणेल, ‘तिनेच त्याचं पुस्तक विकलं’. दोन्ही उत्तरं मोलाची आहेत. मेला असं वाटलं तर तुमची रिकामी खुर्ची फार लांबली आहे आणि निकालाच्या बाटल्या ओझरत्या आल्या आहेत. पुस्तक तिने विकलं असं वाटलं तर चौकात ती विकणाऱ्यांच्या बाजूला उभी दिसतेय, तिला घेणाऱ्यांच्या बाजूला न्या. पिशवी हातात रिकामी असू द्या. अशा चुका संवादाने झाकल्या जातात, मूकपटात उघड्या पडतात. म्हणूनच पटकथा शिकणाऱ्याने पहिले दोन चित्रपट बिनसंवादी करावेत, असा माझा आग्रह असतो.

शेवट कुठे करायचा, यावर वाद होतील. मुलगी पुस्तक विकत घेते आणि हिरव्या रेघांच्या पुढे आपल्या पेनाने रेघा मारू लागते, हा शेवट कोणालाही सुचेल. मला त्यापेक्षा दुकानातलाच शेवट बरा वाटतो: ती पुस्तक परत ठेवते, घासाघीस करून दुसरी, कोरी प्रत मागते. तिला त्या रेघांची भीती वाटली असेल, अपशकुन वाटला असेल. शहर माणसाला थोडं कठोर करतं, ते खोटं गोड करू नका.

दाखवण्यासाठी मोठ्या महोत्सवांच्या मागे लागण्याआधी जवळची जागा बघा. गणेशोत्सवात मंडळांना कार्यक्रम हवेच असतात, आणि रात्री दहानंतर ध्वनिक्षेपक बंद करावा लागतो तेव्हा सगळ्यांचीच पंचाईत होते. काही ठरावीक दिवसांची सवलत सोडली तर. तुमच्या चित्रपटाला ध्वनिक्षेपक लागत नाही. मूकपटांच्या काळात पडद्याजवळ पेटी-तबला घेऊन वादक बसत, तसा एखादा पेटीवाला बसवा. मांडवात शहराचे आवाज आपोआप येतातच, तेव्हा तिथे आवाजाची पट्टी बंद ठेवून पेटीवरच भागवा, आणि वादकाला चित्रपट आधी दोनदा दाखवून ठेवा. माइकशिवाय पेटी पाच-सहा रांगांपर्यंत नीट पोचते, खुर्च्या त्या हिशेबाने मांडा. पडदा रस्त्याच्या दिव्याकडे पाठ करून लावा. आणि मांडवातला हॅलोजन बरोबर वेळेला बंद करायची जबाबदारी एकाच कार्यकर्त्यावर टाका. दोघांवर टाकली की तो चालूच राहतो.